तीन मतांचे दादाभाई

दादाभाई नौरोजी विलायतेच्या पार्लमेंटवर किती मतांनी निवडून आले, यावर आमच्या घरात दोन तट होते. आजोबा म्हणायचे तीन. त्यांची थोरली बहीण, म्हणजे आमची आत्याआजी, म्हणायची पाच. लहानपणीच विधवा होऊन ती माहेरी परत आली होती आणि गिरगावातल्या आमच्या दोन खोल्यांत शेवटचा शब्द तिचाच असे. मतांच्या बाबतीत मात्र आजोबा हटत नसत.

हा वाद बहुतेक उन्हाळ्यात निघायचा, कारण उन्हाळ्यात गावाहून फणस यायचे. आत्याआजी हाताला आणि विळीला खोबरेल चोपडून बसायची, गरे काढायची आणि आठळ्या आम्हा मुलांपुढे ढकलायची. आठळीवरचं ते पांढरं चिवट साल सोलायला वेळ लागतो, नखं दुखतात. मुलं उठून पळू नयेत म्हणून गोष्ट हवीच. तिच्याकडे रामायण-महाभारत होतंच. पण आम्हाला हवी असायची ती दादाभाईंची गोष्ट. ती तिला तिच्या आईवडिलांनी, म्हणजे माझ्या पणजोबा-पणजीने सांगितलेली. अशी दोन पिढ्यांच्या तोंडून आलेली गोष्ट, तिच्यात काही भर पडली असणार, काही गळून गेलं असणार. पुढे मी पुस्तकांतून ताडून पाहिलं तेव्हा मोठमोठ्या गोष्टी बहुतेक खऱ्या निघाल्या. बारीकसारीक तपशिलांना साक्षीदार एकच, आत्याआजी.

तिची गोष्ट निवडणुकीपासून सुरू होत नसे, जिन्यापासून सुरू होई. १८४९ साली एल्फिन्स्टनमधल्या शिकलेल्या तरुणांनी मुंबईत मुलींच्या शाळा काढल्या, मराठी मुलींसाठी मराठी आणि पारशी मुलींसाठी गुजराती. दादाभाई त्यांच्यातले बिनीचे. शाळा काढली तरी मुली कुठून आणायच्या? ही मंडळी घरोघर हिंडायची, आईबापांच्या विनवण्या करायची, तुमच्या ओटीवर बसवून शिकवतो म्हणायची. कोणी या-बसा म्हणे, कोणी जिन्यावरून खाली ढकलून देईन असा दम भरे. पगार कोणालाच नव्हता, सकाळी शिकवून मग आपापल्या कामाला जायचं. मराठी शाळेला जगन्नाथ शंकरशेटांनी आपली जागा दिली, आणि त्याच गिरगावच्या शाळेत पुढे कितीतरी वर्षांनी माझी पणजी शिकली. तिसरीपर्यंतच, मग लग्न झालं. पण तेवढ्यावर ती मरेपर्यंत केसरी वाचायची, बोट ओळीखालून सरकवत. दादाभाईंचं नाव निघालं की ती म्हणे, "ते जिने चढले म्हणून मी वाचत्ये."

पणजोबा राजापुराकडचे. जैतापूरला आगबोटीत बसून मुंबईला शिकायला आले, गाठीला पोहे, कुळथाचं पीठ आणि आमसुलं. गिरगावात पाचसहा मुलांनी मिळून एक खोली घेतलेली. स्वयंपाकाची पाळी ज्याची त्याची, आणि पणजोबांची पाळी असली की रोज कुळथाचं पिठलं. कॉलेज कोणतं, याबद्दलही घरात एकमत नाही, पण ते सोडून देऊ. त्यांची पाळी नसे त्या दिवशी ते शेजारच्या इमारतीतल्या पारशी म्हातारीकडे वर्तमानपत्र वाचून दाखवायला जात. घरात तिचं नाव 'बपईजी' एवढंच राहिलं आहे. तिला दिसत नसे, पण दादाभाईंची विलायतेतली बातमी तिला रोज हवी असे. तिच्यासाठी ती बातमी घरची होती, आणि वाचता वाचता पणजोबांसाठीही ती घरचीच झाली.

पार्लमेंटात निवडून जायच्या खटपटीचा पहिला डाव दादाभाई हरले होते. १८८६ साली होबर्न या लंडनच्या मतदारसंघातून ते लिबरल पक्षातर्फे उभे राहिले. समोर कर्नल डंकन. त्यांना ३,६५१ मतं, दादाभाईंना १,९५०. घाईत उभे राहिले होते, मतदारांशी ओळखही धड झाली नव्हती. तरी जवळपास दोन हजार इंग्रजांनी एका हिंदी माणसाला मत दिलं, हे इकडे लोकांना मोठंच वाटलं होतं.

मग १८८८ च्या नोव्हेंबरात डंकन वारले आणि त्याच होबर्नला पोटनिवडणूक लागली. दादाभाई तिथे उमेदवार नव्हते. ते सेंट्रल फिन्सबरीत पाय रोवत होते. पोटनिवडणूक कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षानेच जिंकली, पण मताधिक्य डंकनएवढं राहिलं नाही. पंतप्रधान लॉर्ड सॅलिसबरींना त्याचा खुलासा देणं भाग होतं. ३० नोव्हेंबरला एडिंबरोच्या सभेत त्यांनी सांगितलं की डंकन यांच्यासमोर त्या वेळी एक काळा माणूस उभा होता. माणसाने कितीही प्रगती केली असली, तरी इंग्लंडचा एखादा मतदारसंघ काळ्या माणसाला निवडून देईल इथवर आपण आलो आहोत, असं मला वाटत नाही.

हे वाक्य पणजोबांनी बपईजीला वाचून दाखवलं की नाही, सांगता येत नाही, कारण ते तेव्हा मुंबईत आले होते की यायचे होते, तेच नक्की नाही. पण आत्याआजी हा प्रसंग सांगताना बपईजीने हातातली कपबशी खाली ठेवून दिली, असं हमखास सांगायची, आणि आठळी सोलता सोलता तिचा स्वतःचाही हात थांबायचा.

इंग्लंडात त्या बोलण्यावर गदारोळ झाला. वर्तमानपत्रांनी पंतप्रधानांना धारेवर धरलं, लिबरल पुढारी दादाभाईंच्या पाठीशी उभे राहिले, १८८९ च्या जानेवारीत नॅशनल लिबरल क्लबने त्यांच्या सन्मानार्थ मेजवानी दिली. तोवर ज्यांनी त्यांचं नाव ऐकलं नव्हतं, त्यांच्याही तोंडी ते नाव झालं. दादाभाई वर्णाने गोरे. दोघांना शेजारी उभं केलं तर सॅलिसबरीच काळे दिसतील, असा विनोद तिकडे फार चालला म्हणतात. आजोबांना तो आवडायचा. आत्याआजीला मुळीच आवडत नसे. ती स्वतः सावळी, सावळी म्हणण्यापेक्षा काळीच. "गोरे होते म्हणून चाललं होय? माझ्यासारखा कोणी उभा राहिला असता तर मग सॅलिसबरीचं खरं होतं काय?" असं ती विचारायची. तिच्या या प्रश्नाला आमच्या घरात कधी कोणी उत्तर दिलं नाही. मला वाटतं, त्या विनोदाबद्दल इतक्या थेटपणे कोणी लिहिलेलंही मी कुठे वाचलेलं नाही.

सेंट्रल फिन्सबरी म्हणजे मुख्यतः क्लर्कनवेलचा भाग. अरुंद गल्ल्या, घड्याळं करणारे, जवाहिरे, छापखान्यांतले कामगार. त्या गल्ल्यांत दादाभाई चार वर्षं दारोदार फिरले. साठी उलटलेला माणूस, लंडनची थंडी, तिथला धूर. आयरिश लोकांना स्वराज्य मिळावं, कामगारांचा दिवस आठ तासांचा असावा, बायकांना मताचा हक्क असावा, या मागण्यांना त्यांचा पाठिंबा होता, आणि त्यांच्या सभांत हिंदुस्थानाइतकंच तिथल्या कामकऱ्यांच्या पोटापाण्याबद्दल बोलणं असे. मतदारांना त्यांचं नाव उच्चारता येत नसे; पण नाव न येताही माणूस ओळखता येतो. खरा त्रास झाला तो घरच्यांकडून. त्यांच्याच पक्षातले काही लोक त्यांच्या निवडीवर समाधानी नव्हते, दुसरा उमेदवार पुढे करत होते. बाजूला व्हा म्हणून कितीदा सांगून पाहिलं, पण दादाभाई हलले नाहीत. असा माणूस हटवादी म्हणून ओळखला जातो. माझ्या मते त्यांचा तो हट्ट नसता तर पुढचं काहीच झालं नसतं. मतदानाच्या तोंडावर फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनी त्यांना शुभेच्छांचं पत्र पाठवलं, हेही आत्याआजीला ठाऊक होतं. मात्र ती त्यांना "ती दिवेवाली नर्सबाई" म्हणायची.

१८९२ चा जुलै. गिरगावात आषाढाचा पाऊस, गल्लीत घोट्यापर्यंत पाणी, खोलीत दोऱ्यांवर ओली धोतरं. विलायतेची तार आली म्हणजे आधी फोर्टात कळायचं, मग हा त्याला सांगत ती बातमी गिरगावापर्यंत यायची. पणजोबांना ती कोणाकडून कळली, याच्या दोन हकिकती आहेत. एकीत कॉलेजातला एक पारशी मुलगा पावसात धावत येतो, दुसरीत पणजोबा स्वतःच फोर्टात उभे असतात. दुसरी जरा जास्तच छान आहे, त्यामुळे मला पहिली खरी वाटते. पुढचं मात्र सगळे एकसारखंच सांगत. पणजोबा तसेच चिंब भिजलेले बपईजीकडे गेले, आणि ती म्हणाली, "केटला?" पणजोबांनी तीन बोटं दाखवली. मग तिला दिसत नाही हे ध्यानात येऊन त्यांनी तिचा हात हातात घेतला आणि तिचीच तीन बोटं एकामागून एक मिटली.

दादाभाईंना २,९५९ आणि कॉन्झर्व्हेटिव्ह उमेदवार कॅप्टन पेंटन यांना २,९५६, असा तो निकाल. पेंटन यांनी तक्रार केली, आणि पुढे फेरमोजणीत तिनाचे पाच झाले असंही पुस्तकांत सापडतं. म्हणजे आजोबाही बरोबर, आत्याआजीही बरोबर. पण हे मला कळलं तोवर दोघंही गेलेली होती, आणि खरं सांगायचं तर त्यांच्या हयातीत कळलं असतं तरी मी बोललो नसतो. त्या तीनपाचात घराला फार गोडी होती.

बपईजीने त्या दिवशी तुपातल्या गोड शेवया आणि साखर घातलेलं दही केलं. पारशी घरात आनंदाच्या दिवशी सकाळी हाच बेत. पणजोबांच्या खोलीतल्या सगळ्या मुलांना तिने जिना चढवून बोलावलं. त्यांतले दोघे सोवळ्यातल्या घरचे, पारशाच्या हातचं खाणं म्हणजे त्या काळी बाट. दोघांनीही खाल्लं. एकाने गावी पत्रात ते लिहिलं आणि त्याच्या वडिलांनी दोन महिने पैसे पाठवले नाहीत, असं आत्याआजी सांगायची. तेवढे दिवस बाकीच्यांनी त्याला सांभाळून घेतलं. कुळथाचं पिठलं एका माणसाला जास्त पुरतं, असंही ती वर सांगे.

दादाभाईंनी हाउस ऑफ कॉमन्समध्ये बायबलऐवजी आपल्या खोर्देह अवेस्तावर हात ठेवून शपथ घेतली. पुढच्याच वर्षी, १८९३ च्या जूनमध्ये, सनदी नोकरीची परीक्षा इंग्लंडात आणि हिंदुस्थानात एकाच वेळी घ्यावी असा ठराव हर्बर्ट पॉल यांनी तिथे मांडला आणि दादाभाईंनी त्याला दुजोरा दिला. ८४ विरुद्ध ७६ मतांनी ठराव पास झाला. कोकणातून पोहे बांधून आलेल्या मुलांसाठी ही केवढी गोष्ट होती! विलायतेचं भाडं कोणाकडे होतं? समुद्र ओलांडून परत आल्यावर पंक्तीला कोण बसवून घेणार होतं? परीक्षा मुंबईतच झाली तर आपणही बसू, असं पणजोबांनी पक्कं केलं आणि रात्री गल्लीतल्या कंदिलाखाली अभ्यास सुरू केला. सरकारने तो ठराव अमलातच आणला नाही. पणजोबा कारकून झाले, जन्मभर कारकूनच राहिले. घरात त्याची हळहळ होती, पण ती दादाभाईंवर कधी निघाली नाही. तीन मतांनी एक माणूस आत गेला, आठ मतांनी ठराव झाला, आणि मग एकही मत न मागता कोणीतरी तो फाइलीत ठेवून दिला. राज्य कसं चालतं, हे आमच्या घराला तिथे समजलं.

त्याच वर्षी श्रावणात मुंबईत हिंदू-मुसलमानांची मोठी दंगल झाली होती. गिरगावातही लोक दारं लावून बसले होते. म्हणूनच डिसेंबरात दादाभाई लाहोरच्या काँग्रेसचे अध्यक्ष व्हायला हिंदुस्थानात आले, तेव्हा त्यांच्या स्वागताला रस्त्यावर लोटलेली ती गर्दी पाहून पणजीला, ती तेव्हा नुकती सासरी आलेली, रडू आलं म्हणतात. सगळ्या जातीचे लोक पुन्हा एका रस्त्यावर उभे होते. पणजोबांनी म्हणे त्या दिवशी दादाभाईंच्या गाडीला हात लावला, आणि त्या गर्दीत त्यांची एक वहाण गेली. उरलेली वहाण पणजीने बरीच वर्षं टाकू दिली नाही.

१८९५ मध्ये दादाभाई पडले. त्या निवडणुकीत सगळ्या लिबरल पक्षाचाच धुव्वा उडाला. गंमत अशी की त्याच निवडणुकीत मंचेरजी भावनगरी, आणखी एक मुंबईकर पारशी, लंडनच्याच बेथनल ग्रीनमधून निवडून आले. पण सॅलिसबरींच्या पक्षाकडून. सात वर्षांपूर्वी असं घडणार नाही म्हणणाऱ्याच्याच बाकांवर! आमच्या घरात भावनगरींचं नाव सहसा घेत नसत. मला त्यांच्यावर इतका राग धरता येत नाही. दक्षिण आफ्रिकेतल्या हिंदी लोकांची बाजू त्यांनी पार्लमेंटात सातत्याने मांडली. पण पणजोबांच्या लेखी मत म्हणजे दादाभाईंना मिळालेलं, बाकी आकडे.

नंतर पणजोबा कट्टर टिळकांचे झाले, आणि १९०६ च्या कलकत्ता काँग्रेसच्या वेळी त्यांची मोठी पंचाईत झाली. टिळकांना अध्यक्ष होऊ द्यायचं नाही म्हणून मवाळांनी ८१ वर्षांच्या दादाभाईंना विलायतेहून बोलावून आणलं. कोणाची बाजू घ्यायची? घरात तो विषय काढायला बंदी झाली. दादाभाईंनी त्याच अधिवेशनात अध्यक्षपदावरून स्वराज्याची मागणी केली, तेव्हा बंदी उठली.

दादाभाई शेवटची वर्षं वर्सोव्याला राहिले. त्यांच्या वाढदिवसाला, सप्टेंबरात, लोक तिथे जात. पणजोबाही एकदा गेले. अंधेरीपर्यंत आगगाडी, पुढे चिखलातून पायपीट. पणजीने फणसाची साटं बांधून दिली होती, वर केळीचं सुकलेलं पान. बोलायला मिळालं नाही, इतकी गर्दी. साटं तिथल्या कोणाच्या तरी हातात दिली. ती दादाभाईंनी खाल्ली, असं आम्ही सगळे धरून चालतो.

१९३० मध्ये आत्याआजी विदेशी कापडाच्या दुकानांपुढे निदर्शनं करायला जाऊ लागली. मूळजी जेठा मार्केटपाशी केशरी साड्या नेसलेल्या देशसेविका उभ्या राहत, आणि त्यांच्यात दादाभाईंची नात पेरीनबेन कॅप्टन होत्या. आत्याआजी त्यांच्या शेजारी उभी राहिली, का त्याच रांगेत दूर कुठे, हे तिने कधी स्पष्ट केलं नाही. "त्यांचं नाक अगदी दादाभाईंचं," एवढंच सांगायची. दादाभाईंना तिने पाहिलेलं नव्हतं, फक्त भिंतीवरचा फोटो.

मला स्वतःला आठवते ती १९५२ ची पहिली निवडणूक. तेव्हा मी शाळेत होतो. त्याआधीच मतदारयाद्यांचं काम सुरू झालेलं, आणि देशभर बायका स्वतःचं नाव सांगायला तयार नसायच्या. अमक्याची बायको, तमक्याची आई, एवढंच लिहून घ्या म्हणायच्या. अशी सुमारे २८ लाख बायकांची नावं शेवटी यादीतून वगळावी लागली. त्यांतल्या बहुतेक उत्तरेकडच्या राज्यांतल्या, पण आमच्या चाळीत लाजऱ्या बायका काही कमी नव्हत्या. आत्याआजी संध्याकाळी पदर खोचून निघायची, तिन्ही मजले, दोन्ही बाजूंचे जिने. कोणी तिला आत बसवून चहा देई, कोणी दार अर्धंच उघडून सासूकडे बोट दाखवी. "तुझं नाव सांग. नवऱ्याचं नको, तुझं." एका नव्या सुनेने तर नाव तिच्या कानात सांगितलं, आणि आत्याआजीने ते सगळ्या व्हरांड्याला ऐकू जाईल असं मोठ्याने उच्चारलं.

मतदानाच्या दिवशी ती पहाटेच न्हाली, निवडणुकीला म्हणून ठेवलेलं पांढरं खादीचं पातळ नेसली आणि आमच्या आधी रांगेत जाऊन उभी राहिली. दुपारी घरी आल्यावर आजोबांनी सहज विचारलं, मत कोणाला दिलंस? ती बोलली नाही. पुन्हा विचारलं. अगं, आम्ही घरचेच आहोत, असंही म्हणून झालं. तिने शाई लागलेलं बोट पदराने पुसलं, ती काही निघाली नाही, आणि म्हणाली, "तिकडच्या तिघांनी सांगितलं का कोणाला?"

"पाच जणांनी," आजोबा म्हणाले.

आयुष्यात एवढ्या एकाच वेळी त्यांनी पाच म्हटलेलं मी ऐकलं.